दहा हजार भारतीयांचा जीनोम वाचून झाला. त्या माहितीचं पुढे काय?

‘जीनोम इंडिया’ प्रकल्पातली माहिती संशोधकांना उपलब्ध झाल्याची घोषणा ९ जानेवारी २०२५ ला दिल्लीत झाली. दहा हजार भारतीय, देशभरातल्या वीसेक संस्था, फरिदाबादच्या ‘इंडियन बायोलॉजिकल डेटा सेंटर’मध्ये साठवलेली ८ पेटाबाइट (सुमारे ऐंशी लाख जीबी) माहिती, असे आकडे तेव्हा सगळीकडे फिरले. मग विषय मागे पडला आणि साध्या वाचकाचा प्रश्न तसाच राहिला. रक्त घेतलं, वाचलं, साठवलं, पण हाती काय आलं? औषध कुठे आहे?

प्रश्न रास्त आहे. अशा संशोधनातून सर्वांत आधी बाहेर पडते ती माहितीच. तपासणी, औषध, डॉक्टरचा सल्ला हे सगळं तिच्या जोरावर, बहुतेक वेळा काही वर्षांनी, उभं राहतं. ती कुणाच्या रक्तातून आली आणि तिला हात लावायची मुभा कुणाला आहे, यावर तिची खरी किंमत ठरते. या दोन गोष्टींची चर्चा आपल्याकडे फार कमी होते.

## आधी जीनोम म्हणजे काय ते पाहू

आपल्या जवळजवळ प्रत्येक पेशीत डीएनए असतो. त्यात ए, टी, जी आणि सी या चार रासायनिक अक्षरांत लिहिलेला मजकूर असतो. एका संचात तीनशे कोटींहून अधिक अक्षरं. एक संच आईकडून आलेला, एक वडिलांकडून. हा सगळा मजकूर म्हणजे जीनोम. त्यातले जे तुकडे प्रथिनं कशी बनवायची ते सांगतात, ती जनुकं. अशी जनुकं सुमारे वीस हजार आहेत, पण प्रथिनांचा प्रत्यक्ष मजकूर सगळा मिळून जीनोमच्या एक-दीड टक्काच भरतो. उरलेल्या भागातला काही भाग कोणतं जनुक कधी आणि किती चालवायचं हे ठरवतो. बऱ्याच भागाचं काम अजून नीट उलगडलेलं नाही.

आता एखाद्या पोथीच्या गावोगावी हातांनी उतरवलेल्या प्रती डोळ्यांसमोर आणा. मजकूर जवळजवळ सारखाच असतो. पण एका प्रतीत एखादं अक्षर बदललेलं असतं, दुसरीत एक ओळ गळलेली असते, तिसरीत तीच ओळ दोनदा आलेली असते. अभ्यासक त्यांना पाठभेद म्हणतात. जीनोममधले फरकही याच जातीचे असतात, म्हणून पुढे मी त्यांच्यासाठी हाच शब्द वापरतो. एकच प्रत हातात असेल तर कोणता पाठ नेहमीचा आणि कोणता विरळा, हे कुणालाही सांगता येणार नाही. त्यासाठी पुष्कळ प्रती शेजारी शेजारी ठेवाव्या लागतात.

ताडून पाहण्यासाठी पहिली मोठी प्रमाण प्रत तयार केली ती १९९० ते २००३ या काळात चाललेल्या ‘ह्यूमन जीनोम प्रोजेक्ट’ने. त्यावर सुमारे तीनशे कोटी डॉलर खर्च झाले. त्या प्रतीत राहिलेल्या मोकळ्या जागा भरायला २०२२ उजाडलं. मानवजातीची म्हणून ओळखली जाणारी ही प्रत मोजक्या लोकांच्या डीएनएवरून तयार झाली होती आणि तिचा सुमारे सत्तर टक्के भाग एकाच दात्याचा होता. तिच्याशी कुणाही माणसाचा जीनोम ताडला तर साधारण ४० ते ५० लाख ठिकाणी फरक निघतो. यातले बहुतेक पाठभेद निरुपद्रवी असतात.

## संशोधनातून नेमकी कोणती माहिती निघते?

‘जीनोमिक डेटा’ असं एका दमात म्हटलं जातं, पण त्यात निदान चार वेगवेगळ्या गोष्टी असतात. त्या एकत्र कालवल्या की चर्चा भरकटते.

सगळ्यांत खाली असते कच्ची माहिती. यंत्र अख्खा जीनोम सलग वाचत नाही. ते साधारण दीडशे अक्षरांचे कोट्यवधी तुकडे वाचतं आणि चूक राहू नये म्हणून प्रत्येक जागा सरासरी तीसेक वेळा वाचली जाते. एका माणसाची ही माहिती शंभर जीबीच्या आसपास जाते. संगणक हे तुकडे प्रमाण प्रतीवर बसवतो आणि फरक टिपतो. त्यातून तयार होते त्या माणसाच्या पाठभेदांची यादी, कच्च्या माहितीपेक्षा कितीतरी छोटी.

मग हजारो याद्या एकत्र करून प्रमाणांचा तक्ता बनतो: अमुक जागी अमुक पाठभेद शंभरात किती जणांत आढळतो. या तक्त्यात कुणा एकाची यादी दिसत नाही. डॉक्टर आणि प्रयोगशाळांच्या रोजच्या उपयोगाची गोष्ट हीच. ‘जीनोम इंडिया’च्या चमूने २०२५ मध्ये ‘नेचर जेनेटिक्स’ या नियतकालिकात मांडलेल्या पहिल्या निष्कर्षांत ९,७७२ लोकांच्या जीनोममधून सुमारे १८ कोटी पाठभेद नोंदवले आहेत. हे लोक आदिवासी आणि बिगरआदिवासी मिळून ऐंशीहून अधिक समाजगटांतले आहेत.

चौथी गोष्ट बातम्यांत सहसा येत नाही: माणसाच्या शरीराची माहिती. उंची, वजन, रक्तातली साखर, चरबी, आजारांचा इतिहास. तिच्याशिवाय पाठभेदांची यादी मुकी असते, कारण कोणत्या फरकाचा शरीरावर काय परिणाम होतो हे दोन्ही जोडल्यावरच कळतं. सर्वांत जास्त जपायची माहितीही हीच जोडलेली.

## परदेशात माहिती आहे की. मग आपल्याकडच्या प्रती कशाला?

माणसं आतून ९९.९ टक्के सारखी असतील, तर जगात आधीच वाचलेल्या जीनोमवर आपलं का भागू नये? हा आक्षेप वरवर बिनतोड वाटतो.

२०१५ मध्ये पूर्ण झालेल्या ‘१००० जीनोम्स’ या आंतरराष्ट्रीय प्रकल्पात दक्षिण आशियाचे पाच गट होते: ह्यूस्टनमधले गुजराती, ब्रिटनमधले तेलुगू, ब्रिटनमधले श्रीलंकन तमिळ, लाहोरचे पंजाबी आणि बांगलादेशातले बंगाली. एकही नमुना भारतात घेतलेला नव्हता. जगभर आजार आणि जीनोम यांचं नातं शोधणाऱ्या अभ्यासांत युरोपीय वंशाच्या लोकांचा वाटा तीन चतुर्थांशाहून अधिक राहिला आहे.

याने बिघडतं काय, हे अमेरिकेतल्या एका उदाहरणावरून समजतं. हृदयाचा स्नायू जाड होण्याचा एक आनुवंशिक आजार आहे. काही आफ्रिकी वंशाच्या रुग्णांच्या अहवालात, त्यांच्यातला पाठभेद या आजाराला कारणीभूत आहे असं लिहिलं गेलं. तो पाठभेद ‘दुर्मीळ’ ठरला होता, आणि दुर्मीळ म्हणून संशयित. पुढे कळलं की काळ्या अमेरिकनांत तो सर्रास आढळतो आणि निरुपद्रवी आहे. तुलनेच्या तक्त्यात काळे लोक पुरेसे नव्हते, म्हणून निरोगी फरकावर आजाराचा शिक्का बसला. हे विश्लेषण २०१६ मध्ये प्रसिद्ध झालं. यंत्र चुकलं नव्हतं, प्रयोगशाळाही निष्काळजी नव्हती. तक्ताच अपुरा होता.

आपल्यासाठी हा मुद्दा आणखी टोकदार आहे. भारतात साडेचार हजारांहून अधिक समाजगट नोंदवलेले आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांत पिढ्यान्‌पिढ्या लग्नं जातीतच झाली आहेत. मोजक्या पूर्वजांपासून वाढलेल्या बंद गटात एखाद्या पूर्वजाचा विरळा पाठभेद शेकडो घरांत पोहोचतो. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात दक्षिण आशियातले अडीचशेहून अधिक गट तपासले. त्यांतल्या ८१ गटांत हा परिणाम फिनलंडचे लोक आणि पूर्व युरोपातले ज्यू यांच्यापेक्षाही तीव्र निघाला. आणि आनुवंशिक आजारांच्या अभ्यासात हे दोन समाज ठरलेलं उदाहरण म्हणून दिले जातात. आंध्र-तेलंगणातल्या वैश्य समाजाचंच घ्या. त्यांच्यातल्या काहींमध्ये एक विकर नसतं. शस्त्रक्रियेच्या वेळी स्नायू सैल करण्यासाठी दिलेल्या एका औषधाचा परिणाम एरवी काही मिनिटांत ओसरतो, तो अशा रुग्णांत तासन्‌तास टिकतो आणि श्वास यंत्रावर चालवावा लागतो. भूलतज्ज्ञाला हे आधी ठाऊक असेल तर तो दुसरं औषध निवडू शकतो.

याच प्रकारची एक गोष्ट मुंबईत १९५२ मध्येच दिसली होती. डॉ. य. म. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असे लोक शोधले की नेहमीच्या तपासणीत ज्यांचा रक्तगट ‘ओ’ वाटतो, पण ज्यांना ‘ओ’ रक्त दिलं तर जिवावर बेतू शकतं. आज जग तो ‘बॉम्बे रक्तगट’ म्हणून ओळखतं. त्याचं कारण एका जनुकातला बिघाड आहे. युरोपात तो जवळजवळ सापडत नाही, भारतात साधारण दहा हजारांत एकाचा असतो असं सांगितलं जातं. मुंबईतल्या माणसांचं रक्त मुंबईत बारकाईने तपासलं गेलं, म्हणून तो सापडला.

केंद्र सरकारच्या ‘सीएसआयआर’ या संशोधन परिषदेने २०१९ मध्ये ‘इंडिजेन’ उपक्रमात हजाराच्या वर भारतीयांचे जीनोम वाचले. त्यात साडेपाच कोटींहून अधिक एकाक्षरी पाठभेद आढळले आणि त्यातले जवळजवळ एक तृतीयांश जगातल्या इतर मोठ्या संग्रहांत नव्हते. आपल्या प्रती का हव्यात याचं याहून नेमकं उत्तर मला सुचत नाही.

## पण रुग्णाच्या पदरात काही पडलं का?

पडलं आहे. अमेरिकेत डॅलसमध्ये हृदयविकाराचा अभ्यास करताना संशोधकांना काही काळ्या लोकांत ‘पीसीएसके९’ हे जनुक बंद पडलेलं दिसलं. पुढच्या एका पाहणीत असा पाठभेद असलेल्या काळ्या लोकांच्या रक्तातली वाईट चरबी इतरांपेक्षा २८ टक्के कमी होती आणि हृदयविकाराचा धोका तब्बल ८८ टक्के कमी. ही आकडेवारी २००६ ची. जे जनुक बंद असूनही माणूस ठणठणीत राहतो, त्याचं प्रथिन औषधाने अडवलं तर? या विचारातून २०१५ मध्ये नव्या इंजेक्शनांना मान्यता मिळाली. तो पाठभेद युरोपीय वंशाच्या लोकांत फारच विरळा. पाहणीत काळे लोक नसते तर हा धागा हाती लागायला किती वर्षं गेली असती कोण जाणे.

दुसरं उदाहरण नंदुरबार आणि गडचिरोलीशी जोडलेलं आहे. सिकलसेल आजारात हिमोग्लोबिनच्या जनुकातलं एकच अक्षर बदललेलं असतं. त्यामुळे हिमोग्लोबिनमध्ये होणारा बदल १९५० च्या दशकापासून माहीत होता. तरी एक कोडं होतं: बदल तोच, पण एखादा रुग्ण वारंवार वेदनांनी तळमळतो आणि दुसऱ्याचं आयुष्य बरंच सुसह्य जातं, असं का? एक कारण असं की काहींच्या शरीरात गर्भावस्थेतलं हिमोग्लोबिन मोठेपणीही बनत राहतं आणि ते त्यांना सांभाळतं. ते बनणं कोण थांबवतं याचा छडा अनेकांचे जीनोम ताडून २००७-०८ च्या सुमारास लागला: ‘बीसीएल११ए’ नावाचं जनुक. त्याचाच आधार घेऊन जनुक-संपादनाची उपचारपद्धती तयार झाली आणि २०२३ च्या अखेरीस आधी ब्रिटनने, मग अमेरिकेने तिला मान्यता दिली.

अमेरिकेत तिची किंमत एका रुग्णामागे २२ लाख डॉलर ठेवली गेली. अठरा-वीस कोटी रुपये! धडगाव किंवा भामरागडच्या घरासाठी या आकड्याला काही अर्थच नाही. तिथे आज गरज आहे ती स्वस्त रक्तचाचणीची, वेळेवर मिळणाऱ्या हायड्रॉक्सीयुरियाच्या गोळ्यांची आणि समुपदेशनाची. यातल्या कशालाही अख्खा जीनोम वाचावा लागत नाही. केंद्र सरकारने २०२३ मध्ये सुरू केलेलं सिकलसेल निर्मूलन अभियानही चाचण्यांवरच उभं आहे. म्हणून ‘प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉक्टर नाही आणि जीनोमवर खर्च कसला करता’ असं कुणी रागाने विचारलं, तर तो राग मला पूर्णपणे समजतो. माझं उत्तर एवढंच की स्वस्त चाचणी बनवतानाही कोणत्या भागात, कोणत्या समाजात काय शोधायचं हे आधी कळावं लागतं, आणि ते या तक्त्यांतून कळतं. तक्ता तयार करून तिथेच थांबलो, तर मात्र तो राग खरा ठरेल.

## मी माझा जीनोम वाचून घेतला तर पुढचे आजार कळतील?

बहुतेकांना नाही. सिकलसेल किंवा थॅलेसेमियासारखे एका जनुकाचे आजार निश्चित सांगता येतात. मधुमेह, रक्तदाब, हृदयविकार यांत मात्र शेकडो-हजारो पाठभेदांचा थोडा थोडा हात असतो, आणि आहार, धूम्रपान, प्रदूषण, ताण यांचा वाटा वेगळाच. अशा पाठभेदांची बेरीज करून ‘धोक्याचा गुणांक’ काढतात. पण तो युरोपीय लोकांच्या माहितीवर बेतलेला असेल तर आपल्यासाठी तितकासा खरा येत नाही.

शिवाय अर्थ बदलत राहतात. हैदराबादच्या ‘सीसीएमबी’ या जीवशास्त्र संशोधन संस्थेतले डॉ. के. थंगराज आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये दाखवलं की हृदयाच्या एका जनुकातून २५ अक्षरं गळलेली असण्याचा प्रकार दक्षिण आशियातल्या सुमारे चार टक्के लोकांत आढळतो आणि त्याचा हृदयाच्या स्नायूच्या आजाराशी संबंध आहे. चार टक्के म्हणजे कोट्यवधी माणसं. पुढच्या अभ्यासांनी चित्र बारकाईने रंगवलं: खरा धोका मुख्यतः अशा काहींना, ज्यांच्यात या तुटीबरोबर शेजारचा आणखी एखादा पाठभेद असतो. मजकूर तोच राहिला, वाचन सुधारलं. अहवालात ‘अर्थ अनिश्चित’ असा शेरा आला तर त्यावरून घाबरून शस्त्रक्रियेपर्यंत जाऊ नये, जनुकीय समुपदेशकाला भेटावं.

## नाव काढून टाकलं की माहिती सुरक्षित झाली ना?

असं मानणं धोक्याचं आहे. २०१३ मध्ये अमेरिकेतल्या संशोधकांनी वंशावळीच्या सार्वजनिक संकेतस्थळांचा आधार घेऊन, नाव नसलेल्या जीनोममधून जवळपास ५० जणांची ओळख पटवून दाखवली. तिथे आडनाव आणि वाय गुणसूत्र दोन्ही वडिलांकडून येतात, त्यामुळे एकावरून दुसरं सापडलं. २०१८ मध्ये कॅलिफोर्निया पोलिसांनी १९७०-८० च्या दशकांतल्या खुनांचा आरोपी पकडला. त्याने स्वतःचा डीएनए कुठेही दिला नव्हता. दूरच्या नातलगांनी हौसेने एका संकेतस्थळावर टाकला होता, तेवढं पुरलं. त्या प्रकरणात न्याय झाला. तरी तुम्ही दिलेल्या थेंबातून तुमचे चुलत-मावस भाऊ-बहिणीही उघड होतात, त्यांना न विचारता, हे त्यातून स्पष्ट झालं.

खासगी कंपन्यांचं तर आणखी वेगळं. लाळेवरून वंश सांगणाऱ्या ‘ट्वेंटीथ्री अँड मी’ या अमेरिकी कंपनीच्या सुमारे ६९ लाख ग्राहकांची माहिती २०२३ मध्ये चोरांच्या हाती लागली. मार्च २०२५ मध्ये कंपनीने दिवाळखोरीसाठी अर्ज केला आणि दीड कोटी लोकांचा जनुकीय साठा विक्रीच्या मालमत्तेत धरला गेला. पासवर्ड बदलता येतो, जीनोम बदलता येत नाही. अमेरिकेत असलेल्या आपल्या कितीतरी नातेवाइकांनी हौसेने असे संच मागवले असतील. त्यांनी आपलं खातं उघडून माहिती आणि नमुना नष्ट करण्याची विनंती करायची की नाही, याचा विचार जरूर करावा.

## मग सगळंच कुलपात ठेवावं का?

तेही नको. १९९६ मध्ये बर्म्युडात जमलेल्या संशोधकांनी ठरवलं की ‘ह्यूमन जीनोम प्रोजेक्ट’मध्ये वाचलेला मजकूर २४ तासांत सर्वांसाठी खुला करायचा. त्यामुळे तो कुणा एका कंपनीच्या मालकीचा झाला नाही. कोविडमध्येही आपण खुल्या माहितीची ताकद पाहिली. विषाणूचा जीनोम जानेवारी २०२० मध्ये जाहीर झाला आणि लशींची आखणी लगेच सुरू झाली. मार्च २०२१ मध्ये महाराष्ट्रातल्या १५ ते २० टक्के नमुन्यांत दुहेरी बदल दिसत असल्याचं ‘इन्साकॉग’ या विषाणूचे जीनोम वाचणाऱ्या प्रयोगशाळांच्या सरकारी गटाने सांगितलं, तेही जीनोम वाचनामुळेच. पण विषाणूला खासगी आयुष्य नसतं. माणसाच्या बाबतीत तोच नियम लावता येणार नाही.

म्हणून मधला मार्ग निघाला आहे. प्रमाणांचे तक्ते खुले ठेवायचे, आणि व्यक्तीची यादी व शरीराची माहिती मागणाऱ्याने प्रस्ताव द्यायचा, समितीने तपासायचा, अटी मान्य करून घ्यायच्या. ‘जीनोम इंडिया’ची माहितीही अशाच नियंत्रित पद्धतीने मिळते. मला ही पद्धत योग्य वाटते, पण तिचा कस समितीच्या पारदर्शकतेवर लागेल. कुणाला माहिती दिली, कशासाठी दिली आणि कुणाला का नाकारली, हे लोकांसमोर आलं पाहिजे. आपल्या २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात जनुकीय माहितीसाठी अधिक कडक असा वेगळा वर्ग नाही, संशोधनाला सवलतही आहे. अमेरिकेत निदान नोकरी आणि आरोग्यविम्यात जनुकांवरून भेदभाव करायला २००८ च्या कायद्याने मनाई आहे. आपल्याकडे तशा खास कायद्याची गरज आहे.

## रक्त देणाऱ्याचा हक्क कुठवर?

१९९० पासून अमेरिकेतल्या अ‍ॅरिझोना स्टेट विद्यापीठाशी संबंधित संशोधकांनी ग्रँड कॅन्यनमध्ये राहणाऱ्या हावासुपाई जमातीचं रक्त घेतलं. मधुमेहाने हैराण झालेल्या लोकांनी ते त्या आजाराच्या अभ्यासासाठी म्हणून दिलं होतं. नंतर त्याच नमुन्यांवर मानसिक आजार, आप्तांतले विवाह आणि जमात मूळ कुठून आली असे अभ्यास झाले. हे सगळं त्यांच्या श्रद्धांना आणि प्रतिष्ठेला दुखावणारं होतं. अनेक वर्षांच्या लढ्यानंतर २०१० मध्ये तडजोड झाली: ७ लाख डॉलर आणि उरलेले नमुने परत.

आपल्याकडे हे होऊ नये म्हणून ‘आयसीएमआर’ या वैद्यकीय संशोधन परिषदेची २०१७ ची मार्गदर्शक तत्त्वं आहेत. नमुना फक्त याच अभ्यासासाठी वापरा, किंवा पुढच्या अभ्यासांसाठीही वापरा, असे पर्याय दात्यापुढे ठेवता येतात. पण कागदावरची सही म्हणजे संमती नव्हे. माडिया किंवा कोरकू बोलणाऱ्या माणसाला मराठीतलं संमतीपत्रही परकंच. त्याच्या भाषेत, वेळ देऊन, ग्रामसभेसमोर सांगितलं गेलं पाहिजे. आणि एखाद्या समाजात अमुक आजाराचा पाठभेद जास्त आहे असं निघालं, तर ते आधी त्या समाजाला कळावं, चाचणीच्या सोयीसह. वर्तमानपत्राच्या मथळ्यातून कळू नये. लग्नाच्या बाजारात अशा बातमीचा फटका मुलींनाच आधी बसतो.

कधी तुमच्यासमोर असं संमतीपत्र आलं, तर काही गोष्टी बेधडक विचारा. माहिती कुठे साठवणार? कंपन्यांना मिळणार का? उपचार करण्याजोगं काही गंभीर आढळलं तर मला कळवणार का? आणि मी उद्या माघार घेतली तर काय होईल? या शेवटच्या प्रश्नाचं प्रामाणिक उत्तर असं असतं: उरलेलं रक्त नष्ट करता येतं, पुढच्या संशोधकांना तुमची यादी देणं थांबवता येतं, पण तोवर प्रसिद्ध झालेल्या तक्त्यांत तुमची अक्षरं मिसळलेली असतात आणि ती वेगळी काढता येत नाहीत. सही करण्याआधी हे उत्तर समोरच्याने स्वतःहून सांगितलं नाही, तर ते मिळेपर्यंत थांबायचा तुम्हाला पूर्ण अधिकार आहे.